संपतच्या करदोड्याची परीक्षा

मंचर,
मंगळवार

ती. स्व. कन्हैयादादा व भाभी यांना हर्षाचा सादर जय जिनेंद्र.

दादा, तुमचा गुडघा आता कसा आहे? भाभी रोज सकाळी देतात ते मेथीचं पाणी तुम्ही मोगऱ्याच्या कुंडीत ओतता, असं भाभींकडूनच कळलं. (मोगऱ्याचे गुडघे उत्तम असतील.) इकडे सासूबाई ठणठणीत आहेत. शहाऐंशीव्या वर्षी त्यांना समोर बसून बोललेलं ऐकू येत नाही, पण स्वयंपाकघरात कुजबुजलेलं ओसरीवर स्पष्ट ऐकू येतं. यांच्या दुसऱ्या डोळ्याचं ऑपरेशन नीट झालं. काळा चष्मा लावून गॅरेजच्या दारात बसतात आणि ओळखीच्या माणसांना मुद्दाम ओळख देत नाहीत.

फोन न करता पत्र लिहिते आहे, कारण फोनवर तुम्ही मला दुसऱ्या वाक्यालाच तोडता. पत्र तुम्हाला तोडता येणार नाही, फाडता येईल फार तर. मागच्या महिन्याच्या सुरुवातीला तुम्ही आलात तेव्हा म्हणालात, की पेट्रोलच्या गाड्यांचे दिवस सरत आले, यांचे डोळे अधू झाले, मिस्त्री पन्नाशी ओलांडून गेला, तेव्हा गॅरेजची जागा त्या फरशीच्या शोरूमवाल्यांना भाड्याने द्या आणि दोघं घरात स्वस्थ बसा. यांनी या महिन्याच्या अखेरीला उत्तर देतो म्हणून सांगितलं. तुमच्या बोलण्यात माझ्याबद्दलची मायाच होती, हे मला कळतं. पण दादा, तुम्ही हे बोलत होतात तेव्हा आमचा संपत तीन हातांवर एका स्कूटरपाशी बसला होता. त्याने एकच नट तीनदा बसवला आणि तीनदा काढला. मी लग्न होऊन इथे आले त्याच्या दुसऱ्याच वर्षी तो आमच्याकडे लागला. स्क्रू-ड्रायव्हरचं एक टोक इंजिनाला आणि दुसरं कानाला लावून गाडीचं दुखणं सांगणारा माणूस. फरशीच्या दुकानात त्याने कान कशाला लावायचा?

आता सगळं पहिल्यापासून सांगते. तळेघरच्या एक शिक्षिका आपली विजेवर चालणारी स्कूटर घेऊन आमच्या दारात आल्या. ब्रेक लागत नव्हता. संपतने ब्रेक नीट केला, चावी फिरवली, कान लावला आणि म्हणाला, "बाई, गाडी चालूच न्हाई झाली." त्या म्हणाल्या, झाली आहे. हा म्हणाला, "आवाज कुठंय?" आणि खात्री करायला त्याने मूठ पिळली. गाडी चालू होती. ती निमूटपणे संपतला घेऊन रस्त्यापलीकडच्या कांद्याच्या गोण्यांत शिरली. (कांदा जन्मभर खाणार नाही ही आपली जैनांची प्रतिज्ञा त्या दिवशी मी मोडायला तयार झाले होते, कारण मंचरच्या कांद्यानेच संपतला वाचवलं.) खरचटण्यापलीकडे काही झालं नाही. पण गोण्यांतून उठून कपडे झटकताना संपत मला म्हणाला, "वहिनी, ही जात शिकाय लागंल. न्हाईतर आपलं काय खरं न्हाई."

शिकायची सोयही निघाली. मार्केट यार्डाजवळच्या हॉलमध्ये एक महिन्याचा वर्ग सुरू होत होता, जुन्या मिस्त्रींना बॅटरीच्या गाड्यांचं काम शिकवण्याचा. शिवाय अशा गाड्या बनवणारी एक कंपनी मंचरला सर्व्हिस सेंटर द्यायला तयार होती, मात्र गॅरेजमध्ये प्रमाणपत्र मिळालेली दोन माणसं हवीत. एक नाही, दोन. संपत एक. दुसरं कोण? यांना डॉक्टरांनी वाकायला मना केलेलं. मग मीच नाव घातलं. हे म्हणाले, "अगं, तुला घरचा फ्यूज बदलता येत नाही." मी म्हटलं, म्हणूनच तर वर्गाला जाते आहे, येत असता तर कशाला गेले असते?

वर्गात सव्वीस पुरुष आणि मी. शिकवायला वृषाली नावाची जुन्नरची मुलगी, जेमतेम पंचवीस वर्षांची, आपल्या घरातल्या सगळ्यांत धाकट्या टीनापेक्षाही लहान. पहिल्या दिवशी ती आत आली आणि माझ्या अंगातलं कॉन्व्हेंट आपोआप जागं झालं. मी ताडकन उभी राहिले आणि सुरात "गूड मॉर्निंग, मॅऽऽडम" म्हटलं. सव्वीस मिस्त्री माझ्याकडे बघत राहिले. दुसऱ्या दिवशी दोघं उठले. आठवड्याच्या शेवटी सगळा वर्ग, मिशांसकट, उभा राहून त्याच सुरात गूड मॉर्निंग म्हणू लागला. बाहेरच्या हमालांनाही ते पाठ झालं. शाळेतल्या सिस्टर आज असत्या तर त्यांनी मला एक पवित्र चित्र बक्षीस दिलं असतं.

वर्गाचा पहिला नियम असा, की बॅटरीला हात लावण्याआधी अंगावर धातूचा कणही नको. अंगठी, साखळी, कडं, सगळं उतरवायचं. झाली का पंचाईत! माझ्या हातातल्या पाटल्या सासूबाईंनी मी बावीस वर्षांची असताना घातलेल्या, त्यानंतर मनगटाने आपली तब्येत सुधारून घेतलेली. खोबरेल तेल लावून दोन शेजारणींनी ओढल्या तेव्हा कुठे निघाल्या. मंगळसूत्र काढायची परवानगी मागायला मी सासूबाईंसमोर खाली मान घालून उभी राहिले. त्यांनी आधी विचारलं, "कामाला चाललीस का कुस्तीला?" मग विचार केला आणि सगळं स्वतःच्या स्टीलच्या डब्यात घालून डबा मांडीवर घेतला. रोज सकाळी जमा, रोज संध्याकाळी परत. एकदा मी वर्गात चुकीचं उत्तर दिल्याचं संपतकडून कळलं, त्या दिवशी डबा रात्रीच्या सामायिकाचं ध्यान आटोपल्यावरच उघडला.

संपतची प्रगती मात्र बघण्यासारखी होती. व्होल्ट आणि अँपियर म्हणजे काय यावर वर्ग दोन दिवस अडला होता. पुस्तकातलं मराठी असं, की त्यापेक्षा इंग्रजी बरं, आणि इंग्रजी असं, की मी लाल पेन्सिल घेऊन ते सुधारत बसले. तेव्हा संपत मागच्या बाकावरून म्हणाला, "मॅडम, व्होल्ट म्हंजी टाकी किती उंचावर बांधलीय त्ये, आन् अँपियर म्हंजी नळाला धार किती जाड पडती त्ये. बरूबर?" वृषाली त्याच्याकडे बघतच राहिली. मग तिने फळ्यावर टाकी काढली. तेव्हापासून मधल्या सुट्टीत निम्मा वर्ग चहा घेऊन संपतभोवती बसायचा. सातवीनंतर शाळा सुटलेला माणूस, दादा. मी लांबून बघायचे आणि उगीच चष्मा पुसायचे.

अशा माणसाची परीक्षा आली आणि तो नापास झाला. लेखी पेपरात पास, पण प्रात्यक्षिकात त्याला बाहेर काढलं. परीक्षकांनी विचारलं, अंगावर धातू आहे का? संपत म्हणाला, नाही. मग बॅटरी उचलायला तो सीटखाली वाकला, शर्ट वर सरकला आणि कमरेचा चांदीचा करदोडा लख्ख चमकला. परीक्षक म्हणाले, "हा काय मग?" संपत म्हणाला, "साहेब, ह्यो धातू न्हाई. ही माजी आई हाय." साहेबांच्या कागदावर आईसाठी रकाना नव्हता. पंधरा दिवसांनी पुन्हा या, करदोडा काढून या, असं त्यांनी सांगितलं.

संपतने गॅरेजमध्ये येऊन हत्यारं पुसायला घेतली. त्याच्याआधीची दोन भावंडं पाळण्यातच गेलेली. हा जगला म्हणून आईने कमरेला करदोडा बांधला, तो तिच्या हयातीत सुटायचा नाही, असं त्याचं म्हणणं. "गॅरेज ग्येलं तरी चालंल, वहिनी. आईचा शब्द मोडायचा न्हाई." हे चिडले, सासूबाई संपतच्या बाजूने झाल्या, आणि मला दोघांचंही पटत होतं. त्याच्या श्रद्धेला हात लावायचा मला काय अधिकार? पण पंधरा दिवसांनी महिना संपत येणार होता आणि तुम्हाला उत्तर द्यायचं होतं.

शेवटी एका सकाळी मी एकटीच महाळुंगे पडवळला गेले. संपतची आई साळुबाई अंगणात भुईमुगाच्या शेंगा फोडत बसल्या होत्या. मी मोठं भाषण तयार करून नेलं होतं. त्यात मातृप्रेम होतं, विज्ञान होतं आणि शेवटी रडण्यासाठी एक जागाही सोडलेली होती. मी मातृप्रेमापर्यंत पोचले तोच त्यांनी विचारलं, "कंचा करदोडा म्हन्ता?" मी म्हटलं, तुम्ही संपतला लहानपणी घातलेला, चांदीचा. म्हातारीने शेंगांचं सूप बाजूला ठेवलं आणि पदर तोंडाला लावून इतकी हसली, की मी पाणी आणायला उठले. "अवो बाई, चांदी कुठनं आणायची व्हती आमी तवा? मी बांधला व्हता त्यो काळा दोरा. ह्यो चांदीचा त्याच्या सासऱ्यानं लग्नात घातल्याला, त्या गडबडीत ह्येच्या ध्यानातबी ऱ्हायलं न्हाई. आन् मला सांगा, वर्साच्या पोराचा करदोडा ह्या बाप्याला बसंल व्हय?"

दादा, हे आमच्यापैकी एकाच्याही डोक्यात आलं नव्हतं. यांच्या नाही, माझ्या नाही, आणि ज्याच्या कमरेला तो होता त्याच्याही नाही. तीस वर्षं संपत सासऱ्याला आई समजून आंघोळीच्या वेळी नमस्कार करत होता!

साळुबाई माझ्याबरोबरच रिक्षात बसून मंचरला आल्या. सोनाराकडून चांदी कापून घेतली आणि भर गॅरेजमध्ये बावन्न वर्षांच्या मुलाला उभं करून त्याच्या कमरेला काळा दोरा बांधला. गाठ मारताना विचारलं, "दोऱ्याला करंट धरत न्हाई ना रं?" संपत म्हणाला, नाही. "मंग लहानपणी त्योच व्हता तुला. आता कर काय करायचं त्ये." संपत खाली बघत होता. यांनी नेमका तेव्हाच काळा चष्मा लावला.

काल फेरपरीक्षा झाली. परीक्षकांनी धातूचं विचारताच संपतने स्वतःहून शर्ट वर केला आणि म्हणाला, "दोरा हाय साहेब. ही खरी आई." शंभरात त्र्याण्णव गुण! वर्गात पहिला. वृषाली त्याला पुढच्या वर्गात शिकवायला बोलावते आहे. प्रमाणपत्र आम्ही कालच गॅरेजमध्ये लावलं, तर आज सकाळपासून गिऱ्हाइकं गाडीचं बोलायच्या आधी ते वाचतात. इतका अभिमान मला माझ्या मुलांच्या निकालांचाही वाटला नव्हता, आणि हे मुलांना कळवू नका.

भाभींना प्रेमळ नमस्कार. दोघांनी तब्येतीला जपा. मोगऱ्यालाही जपा.

तुमची धाकटी,
हर्षा

ता. क. भाभींसाठी घरचे उडदाचे पापड पाठवते आहे. तुमच्या हाती पडू नयेत म्हणून भाभींच्या नावाने पाठवले आहेत.

ता. क. २. माझा निकाल सांगायचा राहिला. प्रात्यक्षिकात मी पास आहे, हात स्वच्छ आणि हत्यारं रांगेत ठेवण्याचे मला पूर्ण गुण मिळाले. लेखी पेपरात चाळीसात अठरा. पास व्हायला वीस लागतात. गणितं सगळी सोडून दिली होती. आता शेवटची संधी येत्या सोमवारी आहे, आणि कंपनीला माणसं दोनच हवीत, एक पहिला आला म्हणून चालत नाही.

ता. क. ३. तेव्हा दादा, तुम्ही आयुष्यभर वीज मंडळात होतात, तर गुडघ्याला पट्टा बांधून शुक्रवारी या आणि तीन दिवस राहून मला ती गणितं शिकवा. तुम्हीच शोधून दिलेल्या फरशीवाल्यांना नाही म्हणता यावं म्हणून तुम्हीच मला पास करायचं आहे, हे मला कळतं. संपत म्हणतो, मीच शिकवतो वहिनी, त्यात काय एवढं. पण त्याच्यासमोर चुकायची मला लाज वाटते. तुमच्यासमोर कधीच वाटली नाही.