तात्यापाऱ्यातलं उतू गेलेलं दूध

७ जानेवारी, बुधवार
पोचले तात्यापाऱ्यात, आमच्या जुन्या मोहल्ल्यात! घर जागेवर आहे. मीच जागेवर नाही — तासभर दाराशी बॅग मांडीवर घेऊन बसले होते, गाडीची वाट बघत असल्यासारखी. बाबा गेल्यापासून घर बंद. सामान धाकट्या भावाने, शिशिरने, मागेच हलवलं. आवाज नुसता घुमतो. मी शिंकले आणि मीच ओरडले, "कोण?"

शिशिरचा पुण्याहून फोन. "ताई, रविवारी घर घेणारे येऊन राहिले. हो म्हणून टाक. कोण राहणार आता तिथं?" खरंच आहे. तो पुण्यात, मी नागपूरच्या फ्लॅटमध्ये एकटी. हो म्हणायलाच आले आहे.

८ जानेवारी
बाबांच्या खोलीत शिरताना दार वाजवलं. रिकाम्या खोलीचं! हसू आलं. जन्मले त्या घरात मी पाहुणी?

९ जानेवारी
बॅग अजून उघडलेली नाही. दोन दिवस त्याच साडीत. शाब्बास, चित्राबाई!

१० जानेवारी, शनिवार
फजिती! शेजारच्या वनमालाकाकूंनी छोटी शेगडी आणि दूध आणून दिलं. दूध तापत ठेवलं, तेवढ्यात गल्लीत आरोळी — "बिही ले लो!" पेरू म्हटला की माझं भान सुटतं. घासाघीस करून परत येते तो काय, सगळ्या ओट्यावर दूध! आणि दारात काकू, कमरेवर हात.

"अव पोट्टी, हे काय केलं! नव्या घरात राहायले जातात तवा दूध उतू जाऊ देतात. झाला ना तुया गृहप्रवेश!"

साठीच्या बाईला पोट्टी!

"काकू, मी तर घर विकायले आली."

"हव? मंग पूस ते."

फडकं घेऊन नुसती उभी राहिले. हात चालेना. काकू गेल्यावर रडले, मग तिथेच उभ्याने तिखटमीठ लावून पेरू खाल्ला. मला हे घर द्यायचं नाही. लिहिलं एकदाचं! संध्याकाळी साड्या खुंटीला लावल्या. पण शिशिर काय म्हणेल? घर त्याचंही आहे. तो नाही म्हणाला तर माझं काही चालणार नाही.

११ जानेवारी
घेणारे यायच्या आधीच शिशिरला फोन करून सगळं सांगितलं. तर म्हणाला, "जिन्याजवळची खोली माझी हाय, सांगून ठेवतो! तिथं तुयं सामान नको टाकू."