वाचनघरातल्या अकरा घंटांबाबत

प्रति,
मा. संस्कृती अधिकारी बाई,
नगरपालिका कार्यालय, आर्दोवेत्स.

अर्जदार : झफीरा कुर्तेवा, वय ७९, राहणार स्रेब्रेन दोल, वाचनघराच्या वरच्या अंगाला.

विषय : वाचनघरातलं आवाजांचं संगीत रोज संध्याकाळी चार ते सहा बंद ठेवण्याबाबत.

संदर्भ : माझे दोन अर्ज, आपलं एक उत्तर.

महोदया,

नमस्कार. हा अर्ज जरा बसून वाचा. अर्जात स्वतःला 'अर्जदार' म्हणायचं असतं असं पोस्टातल्या रुम्यानाने सांगितलं, म्हणून खाली जिथे अर्जदार येईल तिथे झफीरा समजावं.

१. आधी अर्जदाराची चूक. मागच्या उन्हाळ्यात प्लोव्दिवहून नेव्याना नावाची मुलगी गावात आली. लोकरीची टोपी घातलेला माईक काठीला बांधून सात आठवडे हिंडली. झऱ्याचं पाणी, ताकाची घुसळण, चुलीवर रटरटणारे घेवडे, जे वाजेल ते तिने टिपलं. म्हणाली, "संगणकात घालून ह्याचं संगीत करणार." शेजारचा स्टॉइल म्हणाला, "माझं दार तीस वर्षं कुरकुरतंय पोरी, आजवर कोणी टाळी नाही वाजवली."

आमच्याकडे घराघराच्या कळपाच्या घंटा कानाने एका सुरावटीत जुळवलेल्या असतात, हे आपल्याला ठाऊक आहेच. अर्जदाराच्या अकरा शेळ्या, अकरा घंटा. नवरा मानोल ह्याने एकोणीस वर्षं जत्रा पालथ्या घालून त्या जमवल्या. नेव्याना मात्र स्टॉइलच्या घंटा टिपायला निघाली होती. अर्जदाराला ते सोसवेना. तिने भोपळा भरून भाजलेली बानित्सा मुलीपुढे ठेवली आणि सांगितलं, "त्याच्या घंटा म्हणजे फुटके डबे गं. कळप घरी येतो तेव्हा आमच्या फाटकापाशी उभी राहा." मुलगी उभी राहिली. खाल्लं, ऐकलं, घेऊन गेली.

२. आता वाचनघरात अंधारी खोली, सोळा स्पीकर, आणि सतरावा बाहेर दारावर, जाणाऱ्या-येणाऱ्याला कळावं म्हणून. सकाळी दहा ते संध्याकाळी सहा. "आजी, हे नुसतं ऐकायचं नाही, डोहात उतरतात तसं ह्यात उतरायचं," असं नेव्याना म्हणाली होती, आणि ते खरं आहे. अर्जदार तीन दिवस गावभर मिरवली. पण नंतर बघा. स्पीकरवर स्टॉइलचं दार कुरकुरलं की स्टॉइल उठून घरचं दार उघडायला जातो, दिवसाला चाळीस वेळा, इतका वाळलाय की विजार आता दोरीने बांधतो. अर्जदाराचा खोकलासुद्धा त्यात आहे. डॉक्टरने तो बाहेरच्या स्पीकरवर ऐकला आणि गाडीतून न उतरता औषध लिहून दिलं. गुणही आला. त्याबद्दल तक्रार नाही.

३. तक्रार शेळ्यांची आहे. पाच वाजता कळप डोंगरावरून उतरतो, त्याच वेळी वाचनघरातून तोच कळप वाजत असतो. अर्जदार फाटक उघडायला धावते, तर समोर रिकामा रस्ता. असं पंधरा दिवस झालं. सोळाव्या दिवशी, ९ ऑक्टोबरला, धुकं होतं, गुडघे दुखत होते. घंटा आल्या. अर्जदार म्हणाली, "वाजा मेल्यांनो," आणि लोकर विणत बसली. त्या खऱ्या होत्या. बंद फाटकापाशी थांबून थांबून शेळ्या परत गेल्या. सकाळी दहाजणी वाचनघराच्या पायरीवर सापडल्या. अकरावी, पिर्वा, नव्हती. वरच्या झुडपांत तिची घंटा मिळाली, आणि आसपास लांडग्याच्या पायांचे ठसे.

४. आपले साहेब आवाज मोजायचं यंत्र घेऊन आले. म्हणाले, "आजी, आवाज मर्यादेत आहे, मोठा नाही." अर्जदार म्हणाली, "मोठा आहे असं कोण म्हणतंय? तो माझा आहे, साहेब." त्यासाठी रकाना नाही असं त्यांनी सांगितलं. जाताना आत वीस मिनिटं बसले आणि डोळे पुसत बाहेर आले.

५. नेव्यानाला फोन केला. ती रडली. म्हणाली, "आजी, तेवढ्या घंटा वेगळ्या काढता येत नाहीत. पाणी, दार, घंटा, सगळं एकमेकांत मुरलंय." अर्जदार म्हणाली, "मुरायला लोणचं आहे का ते?" पण पोरीचा दोष नाही. बंद करायचं बटण कपाटात आहे, कपाटाला कुलूप आहे, आणि किल्ली सोफियात कुणाकडे आहे ते आपल्या उत्तरातही लिहिलेलं नाही.

६. आता खरी अडचण. शेळ्यांना गणित येतं. घरचा कळप दहा घंटांचा, मधला एक सूर गेलेला. वाचनघरातला अकरांचा, पुरा. त्यांच्या मते सगळ्याजणी तिथे आहेत आणि आपणच चुकलेल्या आहोत. म्हणून डोंगरावरून उतरल्या की फाटकाकडे न बघता थेट पायरीवर जातात. कासा तटतटतात, हात लावू देत नाहीत, दूध आटत चाललंय.

शेवटचा उपाय म्हणून अर्जदाराने पिर्वाची घंटा स्वतःच्या गळ्यात बांधली आणि कळपाच्या मधोमध डोंगर चढली. सगळं गाव बघत होतं. स्टॉइल ओरडला, "झफीरा, आता शिंगं कधी फुटणार?" पण घंटा दोन पायांवर नीट वाजत नाही, तिला चार पायांची चाल लागते. अर्जदार वाकून, हात टेकूनही चालली. म्होरकी शेळी थांबली, तिने अर्जदाराकडे परकं माणूस बघावं तसं बघितलं आणि ती पुढे निघून गेली. तेव्हापासून अर्जदाराला काही सुचत नाही.

तरी विनंती की संगीत चार ते सहा बंद ठेवावं. किल्ली सापडत नसल्यास, आणि ती सापडणार नाही हे अर्जदाराला कळतं, निदान एवढं करावं : रोज पाच वाजता अर्जदाराला दहा शेळ्या आणि बादलीसह त्या अंधाऱ्या खोलीत तिकिटाशिवाय सोडावं. तिथे अकराजणी वाजत असताना त्या शांत उभ्या राहतील आणि धार काढू देतील. लेंड्या अर्जदार स्वतः झाडेल. पाहुणे बसले असतील तर बसू द्यावेत, त्यांनी बोलू मात्र नये.

उत्तराची वाट बघत पायरीवर बसलेली,

झफीरा कुर्तेवा
स्रेब्रेन दोल, २७ ऑक्टोबर

सोबत : पांढरं चीज, एक तुकडा. ह्या आठवड्यात एवढंच निघालं.