सासूबाईंनी धरलेला नंबर

पिंपळे गुरव,
रविवार, दुपार (जेवणं झालीत, भांडी तशीच आहेत)

आदरणीय कोंडीराममामा यांस,
तुमच्या भाग्यश्रीचा सप्रेम जय भीम. विमलमामींनाही सांगावा.

इकडे आम्ही सगळे खुशाल आहोत, नव्हे जरा जास्तच खुशाल आहोत, आणि तुमची खुशाली कळावी म्हणून हे पत्र. फोनच केला असता, पण गेल्या महिन्यात मी "खोकला कसा आहे?" असं ओरडून विचारलं, तेव्हा तुम्ही म्हणालात, "यंदा लई आलाय, पण भाव न्हाई." तो खोकला होता की कांदा, हे मला अजून उमगलेलं नाही. (कानाचं मशीन कपाटात ठेवून ऐकू येत नसतं, मामा.) म्हणून लिहितेय. बातमी आनंदाची आहे. पण सरळ सांगितली तर दोन ओळींत संपेल आणि मग तुम्हाला वाटेल की आपोआपच झालं. तसं काही झालेलं नाही. त्यात एक ट्रक आहे, बावीस टन दही आहे आणि माझ्या सासूबाई आहेत.

सुरुवात माझ्यापासून करावी लागेल. तुम्हाला ठाऊक नसेल (आईलाही नव्हतं), पण इंजिनिअरिंगच्या होस्टेलवर असताना मला कॉम्प्युटरवरच्या खेळांचा नाद लागला. हे खेळ ऑनलाइन दुकानात मिळतात. एकदा विकत घेतला की आपल्या नावावर कायमचा. बायका सेलमध्ये साड्या घेतात आणि घडीसुद्धा न मोडता कपाटात ठेवतात, तशी मी नोकरी लागल्यापासून दर दिवाळीला दोनतीन खेळ घेत गेले. आजमितीला माझ्या नावावर एकवीस खेळ आहेत, त्यातल्या सतरांची घडी मोडलेली नाही. कारण माझा लॅपटॉप त्या होस्टेलच्याच काळातला. त्यावर खेळ सुरू केला की आधी पंखा घरघरतो, मग करपल्याचा वास येतो, मग लॅपटॉप डोळे मिटतो. लग्नानंतर तर विषयच संपला. चाकणची शिफ्ट, कंपनीची बस, नाशिक फाट्यावरचा तो पूल, घरी येऊन कुकर. एवढ्यात कोण खेळतंय?

मग आमच्या क्वालिटी विभागातल्या योगिनीने बसमध्ये सांगितलं की आता भारी कॉम्प्युटर घ्यायची गरजच नाही. खेळ आपल्या मालकीचा असला की झालं. तो दूर कुठल्यातरी कंपनीच्या दांडग्या मशीनवर चालतो, आपल्याकडे फक्त चित्र येतं आणि इथे आपण बटण दाबलं की तिकडे गाडी वळते. हे समजून घ्यायला मला भोसरीपासून आळंदी फाट्यापर्यंतचा रस्ता लागला. तेच मी घरी येऊन संघर्षला सांगत होते (संघर्ष म्हणजे तुमचे जावई, नाव विसरला असाल तर म्हणून लिहिलं, लग्नात तुम्ही त्यांना तीनदा "संतोषराव" म्हणाला होतात). सासूबाई पलीकडे मेथी निवडत बसल्या होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "म्हंजी दळण आपलं, गिरणी लोकाची." संपलं. योगिनीने उगाच एवढा वेळ घेतला.

आता सोजरबाईंविषयी. सासूबाई मूळच्या केजकडच्या. लग्न होऊन इकडे आल्या आणि बावीस वर्षं भोसरीच्या एका वर्कशॉपमध्ये पॅकिंगला होत्या. गेल्या दिवाळीला काम सुटलं आणि घरात त्यांना करमेना. सगळ्या चादरींच्या घड्या घालून झाल्या, मग त्याच उलट्या बाजूने घालून झाल्या. डाळींच्या पिशव्यांना चिकटपट्टी लावून झाली. उरलेला दिवस त्या खिडकीत बसून सोसायटीत येणारे पाण्याचे टँकर बघायच्या, आणि कुठला ड्रायव्हर गेट कसा चुकला ते संध्याकाळी आम्हाला सांगायच्या. मला ते बघवत नव्हतं, पण काय करावं तेही सुचत नव्हतं.

तर पहिल्या रविवारी मी टीव्हीला सगळं जोडलं आणि त्यातल्या त्यात सोपा म्हणून ट्रक चालवायचा खेळ निवडला. लगेच पडद्यावर पाटी आली: रांगेत तुमच्या पुढे एकशे बारा जण.

"कशाची रांग हाय?" सासूबाईंनी विचारलं.
"खेळायची."
"फुकट हाय का?"
"हो. तासभर फुकट."
"मग रांग असणारच," असं म्हणून त्यांनी प्लॅस्टिकची खुर्ची ओढून टीव्हीसमोर मांडली. "तू जा, न्हाऊन घे. नंबर मी धरते."

मामा, या बाईने रॉकेलची रांग धरलीय, टँकरची धरलीय, गॅसची धरलीय. तिच्या डोळ्यादेखत कुणी मध्ये घुसून दाखवावं! मी न्हाणीत आणि बाहेरून आकडे येतायत. "अठ्ठ्याऐंशी!" थोड्या वेळाने, "त्रेसष्ट! बाया पटापटा उरकायल्यात!" (रांगेत सगळ्या बायकाच आहेत अशी त्यांची खात्री होती आणि अजूनही आहे.) माझ्या डोक्यावर शिकेकाईचा फेस असताना आरोळी आली, "आला नंबर! ये लवकर, न्हाई तर मागचीला देतील!" मी टॉवेल गुंडाळून बाहेर येईपर्यंत त्यांनी तो दोन हातांत धरायचा कंट्रोलर उचलला होता (त्या त्याला खेकडा म्हणतात), आणि नंबर वाया जाऊ नये म्हणून दिसेल ते बटण दाबलं होतं. ट्रक कारखान्याच्या आवारातून बाहेर पडला होता. गेटचा एक खांबही त्याच्यासोबत बाहेर पडला होता. तो खांब आधीपासूनच वाकडा होता, असं त्यांचं म्हणणं आहे.

मी म्हटलं, "आई, द्या माझ्याकडे." त्या म्हणाल्या, "थांब, एवढं वळण घेऊ दे." ते वळण मामा, पुढे पंचावन्न मिनिटं चाललं.

त्या दिवसापासून आमच्या घरात वाहतुकीचा धंदा सुरू झाला म्हणा ना. ज्या बाईने आयुष्यात सायकल चालवली नाही, ती कुठल्या तरी परदेशातून संत्री भरून दुसऱ्या परदेशात नेऊन टाकायला लागली. वळणावर गाडीआधी त्याच वळतात, सोफ्यासकट. लाल दिव्याला थांबतात, आणि शेजारून कुणी सटकलं तर त्याच्या खानदानाचा उद्धार करतात. खालच्या मजल्यावरच्या गिरजाबाई दुपारी वाटीभर साखर मागायला आल्या त्या क्लीनर म्हणून कायमच राहिल्या. डाव्या बाजूला बसतात, हाताने सोफ्यावर दोनदा थाप मारतात आणि "येऊ दे, येऊ दे" म्हणतात. पहिल्या दिवशी तास संपून खेळ मधूनच बंद पडला तेव्हा सासूबाई घाबऱ्याघुबऱ्या झाल्या. "अगं, गाडी रस्त्यावर उभी हाय, माल कुणी सांभाळायचा?" मी सांगितलं की सगळं जसंच्या तसं राहतं. विश्वास बसला नाही. दुसऱ्या दिवशी रांग धरून, आत जाऊन, संत्र्यांसकट ट्रक जागेवर बघितला तेव्हा कुठे जीव भांड्यात पडला. म्हणाल्या, "देश चांगला दिसतोय."

आता दुसरी बाजू. संघर्ष सात वर्षं चाकणच्या एका कंपनीत डिस्पॅचला (माल रवाना करायचं खातं) आहे, पण कंत्राटदाराकडून. दर वर्षी कागद नवा, माणूस तोच. कायम नोकरीसाठी त्याने दोन ठिकाणी ऑनलाइन मुलाखती दिल्या आणि दोन्हीकडे पडला. कामात वाघ आहे हो, पण कॅमेरा सुरू झाला की राष्ट्रगीताला उभा असल्यासारखा ताठ होतो आणि पाठ केलेलं इंग्रजी म्हणून टाकतो. दुसऱ्या वेळेनंतर त्याने मुलाखत आहे हे सांगायचंही सोडलं. मला त्याच्या शर्टाच्या इस्त्रीवरून कळायचं. या वेळी मात्र गेल्याच्या गेल्या मंगळवारी त्याने जेवताना सांगितलं, "शनिवारी अकरा ते बारा. घरातलं इंटरनेट कुणीही वापरायचं नाही." आम्ही दोघींनी माना डोलावल्या.

शनिवार उजाडला. तो बेडरूममध्ये दार लावून बसला. मी स्वयंपाकघरात, कोपरापर्यंत कणकेत. हॉलमध्ये टीव्ही आवाज बंद करून गपचूप रांगेत उभा होता. (कुणी उभा केला होता हे आता उकरून काढण्यात अर्थ नाही.) अकरा वाजून दहा मिनिटांनी नंबर आला. नंबर आलेला दिसला की सासूबाईंचा हात आपोआप खेकड्याकडे जातो, त्याला त्या तरी काय करणार? गिरजाबाई डाव्या बाजूला होत्याच. ट्रक निघाला, घरातलं सगळं इंटरनेट त्या ट्रकमागे निघालं, आणि आत संघर्ष मुलाखत घेणाऱ्या साहेबांच्या पडद्यावर "माय स्ट्रेंथ इज" इथवर येऊन गोठला. तोंड उघडं, एक डोळा अर्धा मिटलेला. आपली ताकद नेमकी कशात आहे हे त्या साहेबांना कळेचना.

दार धाडकन उघडलं. तो उघडा लॅपटॉप, पडदा पुढच्या बाजूला करून, हातात घेऊन हॉलमध्ये आला आणि ओरडला, "आई, बंद कर आधी!"

"आत्ता कसं बंद करू? उतार हाय, मागं बावीस टन माल हाय!"

मी दारात उभी, हाताला कणीक. मला दिसत होतं आणि त्याला दिसत नव्हतं, ते असं की इंटरनेटचं यंत्र हॉलमध्येच असल्यामुळे लॅपटॉपवर चित्र परत आलं होतं. तिघं साहेब आमच्या सोफ्याकडे टक लावून बघत होते. त्यांतल्या वयस्कर साहेबांनी, कपाळावरचा चष्मा खाली ओढत, शुद्ध मराठीत विचारलं, "कसला माल आहे, आजी?"

"दही," सासूबाई मागे न बघता म्हणाल्या. त्यांना वाटलं, गिरजाबाईंचे मालक आलेत.

"आणि उशीर झाला तर?"

"तर आधीच कळवायचं. पोचल्यावर रडून काय उपेग?"

"कळवून भागत नाही, आई!" संघर्ष चिडलाच होता, आता पेटला. "दही आहे ना? मग ते आत कामून भरलंस? जे आधी उतरवायचं ते शेवटी चढवायचं असतं!" मग तो थांबलाच नाही. तळेगाव चौकात सकाळी नऊला गाडी काढली तर दुपारचं जेवण तिथेच करावं लागतं, म्हणून तो सहाला काढतो. कुठल्या ड्रायव्हरला घाटात झोप येते, कुणाला दोन वेळा फोन करावा लागतो, सगळं. गेल्या वर्षी माल घेणाऱ्या कंपनीची लाइन मालावाचून बंद पडायच्या बेतात होती, गाडी मिळत नव्हती, तेव्हा त्याने कँटीनच्या भाजीच्या टेम्पोत, कोथिंबिरीखाली, वीस पेट्या घालून वेळेत पोचवल्या होत्या. हे त्याने मलासुद्धा सांगितलं नव्हतं, मामा! एका हातावर लॅपटॉप, दुसरा हात हवेत, असा तो आईशी दहा मिनिटं भांडला. आणि ते तिघंजण टिपून घेत होते.

मग लॅपटॉपमधून आवाज आला, "गुरुवारी प्लांटवर या. प्रत्यक्ष बोलू." थोडं थांबून, "आजी, दही पोचलं का?"

"पोचलं. एक झाड पडलं, पण ते रस्त्यातच हुतं."

संघर्ष मटकन सोफ्यावर बसला आणि त्याने दोन्ही हातांनी तोंड झाकून घेतलं. खांदे हलत होते. आम्हाला वाटलं, रडतोय. गिरजाबाई पाणी आणायला धावल्या. तो हसत होता. हसून दमल्यावर त्याने विचारलं, "पण नंबर लावला कुणी?"

"मी," सासूबाई म्हणाल्या.

गुरुवारी तो गेला. माल चढवायच्या धक्क्यावर उभं करून त्यांनी त्याला चार तास बोलतं केलं, आणि काल पत्र आलं. कायम! सासूबाईंनी हात धुऊन, पुसून तो कागद घेतला आणि म्हणाल्या, "कायम कुठं लिहिलंय, दाखव." मी दाखवलं. त्या शब्दावर त्यांनी बोट ठेवलं आणि कितीतरी वेळ उचललंच नाही.

संध्याकाळी जिलेबी आणली. गिरजाबाईंनी क्लीनरचा वाटा वेगळा मागितला.

थोरामोठ्यांना नमस्कार, लहानांना गोड पापा, आणि कांदा किंवा खोकला, जे काही असेल त्याला उतार पडो ही सदिच्छा.

तुमची,
भाग्यश्री

ता. क. : तुमच्यापासून काय लपवायचं? त्या शनिवारचा नंबर मी लावला होता. रांगेत नुसतं उभं राहायला इंटरनेट ते कितीसं लागतं, आणि नंबर यायला बारा तरी वाजतीलच, असा माझा हिशोब. त्या दिवशी बाया खरोखरच पटापटा उरकायला लागल्या त्याला मी काय करू? सासूबाईंना हे पहिल्यापासून माहीत होतं. त्यांनी "मी" म्हणताना माझ्याकडे एकदाच बघितलं. संघर्षला कळवू नये.

ता. क. २ : तेव्हापासून माझ्या खात्यावरचे सगळे तास सासूबाईंचे आहेत आणि मला तोंड उघडायची सोय नाही. तुमच्या ज्ञानेशदादाने घरी फायबरची लाइन आणि भिंतीएवढा टीव्ही घेऊन ठेवलाय, आणि स्वतः बाराही महिने हिंजवडीत असतो, असं कानावर आलं. तरी तुम्ही संघर्षच्या नावाने एक पत्र पाठवावं, की भाग्यश्रीला बघावंसं फार वाटतंय, तिला एक रविवार आड मुक्कामाला राजगुरुनगरला धाडावं. कारण काहीही लिहा. बाकी सतरा खेळांची घडी मला तिथे येऊन मोडायची आहे.

ता. क. ३ : पाकिटात घालायला म्हणून पत्र सासूबाईंच्या हातात दिलं (चूक माझीच), तर त्या खिडकीत बसून, अक्षराअक्षराखाली बोट ठेवून, पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचून आल्या. एवढंच म्हणाल्या, "एकटीचंच कामून लिहिलंस?" तेव्हा मामा, वरच्या ताज्या कलमात जिथे "भाग्यश्रीला" आहे तिथे "दोघींना" असं वाचावं. शनिवारी दुपारच्या एसटीने येतो.