नकाशावरून पुसलेली बेटं

सर, तुम्ही समुद्र कधी पाहिला नव्हता, हे तुम्हीच आम्हाला आठवीच्या वर्गात सांगितलं होतं. "मी इंदूरचा माणूस, माझं पाणी म्हणजे एक दिवसाआड नळाला येणारी नर्मदा," असं म्हणाला होतात. आज मी ज्या बेटावरून लिहितोय त्याच्या चारी बाजूंना समुद्रच आहे. हातात चहाचा ग्लास घेऊन किनाऱ्याने चालायला लागलं तर चहा गार होतो न होतो तोवर माणूस परत त्याच जागी. तुम्ही मला म्हणायचात, "काय रे, तुझ्या बाकाला खिळे आहेत का?" खिळे अजून आहेत सर. फक्त इथून उठून पळायला जागा नाही, पुढे पाणी लागतं.

हे मालदीव. मी इथे पंपावर आहे. बेटाची एक बाजू समुद्र खातो, तर आम्ही पाण्याखालची वाळू पाइपाने ओढून त्या बाजूला ओततो. सगळा देशच इतका बसका आहे, की आपल्या इंदूरच्या राजवाड्याच्या पायऱ्या इथे आणून ठेवल्या तर लोक त्यांच्यावर चढून लांबवर बघतील. आणि वाळू एका जागी राहत नाही. वारा फिरला की सहा महिने बेटाच्या ह्या टोकाला, मग सहा महिने त्या टोकाला. आमच्या सामानाच्या होडीवर एक म्हातारे चाचा आहेत, सिनेमे बघून हिंदी शिकलेले. मी त्यांना एकदा विचारलं, "चाचा, कितने टापू हैं आपके मुल्क में?" ते म्हणाले, "आज के गिन ले, बेटा. कल के समंदर से पूछना." मला त्यांचा हेवा वाटला. मला ही बेटांची मोजणी कधीच जमली नाही, आणि ते का, ते फक्त तुम्हाला माहीत आहे. म्हणजे अर्धंच माहीत आहे.

तुमच्या वर्गात कापडावर चिकटवलेला तो मोठा नकाशा होता. त्याच्या शेजारी उभे राहून तुम्ही खिशातून मूठभर कवड्या काढता. "ही देवीच्या भक्तांच्या गळ्यात असते, तुमच्या आजीच्या सारीपाटावर असते. इंदुरात उगवली का? सांवेरच्या शेतात पिकली?" कोणीतरी मागून म्हणतं, "सर, सोयाबीनमध्ये निघते," आणि वर्ग हसतो, तुम्हीही हसता. मग तुम्ही सांगता, ह्या कवड्या वेचून होड्या भरभरून बंगालकडे जायच्या, आपल्याकडचे लोक ते नाणं म्हणून वापरायचे, आणि ज्या बेटांवरून त्या यायच्या तिथले लोक त्या बदल्यात भात घेऊन जायचे, कारण वाळूत भात होत नाही. आधी तिथे बुद्धाचे स्तूप होते, मग मशिदी आल्या, मग पोर्तुगीज आले आणि हाकलले गेले. तुमचं बोट भारताच्या टोकाखाली बारीक ठिपक्यांवर थांबतं. "कंकणाकृती प्रवाळद्वीपं. बांगड्यांची माळ समजा." तो शब्द मला परीक्षेत एकदाही धड लिहिता आला नाही. आता रोज त्या बांगडीच्या आत होडीतून जातो.

मग ते इन्स्पेक्शन आलं. सगळी मुलं हॉलमध्ये स्वागतगीत बसवत होती. मला गाण्याच्या बाईंनी पहिल्याच दिवशी काढून टाकलं होतं, कारण मी रांगेत हलतो. तुम्ही म्हणालात, "तू नकाशा पूस. माश्यांनी घाण केलीय. कोरड्या फडक्याने, हलक्या हाताने." मी घासलेटाचा बोळा घेतला. तुम्ही मुलांना घेऊन परत आलात तेव्हा हिंदी महासागर चकचकीत झाला होता आणि त्यात एक देश नव्हता. मी म्हणालो, "सर, मला वाटलं माश्यांचे डाग." सगळे हसले. तुम्ही हसला नाहीत. "एक अख्खा देश पुसलास तू," इतकंच बोललात. मग वर्गाकडे वळलात, "आणि तुम्ही हसू नका. ते नाव इतकं बारीक छापलेलं होतं की मलाच चष्म्याशिवाय दिसत नव्हतं." मोठ्या बाईंना तुम्ही सांगितलंत की घासलेट तुमच्याच हातून सांडलं. मी दारात उभा होतो, ऐकत होतो.

दुसऱ्या दिवशी तुम्ही मला तुमचा स्वतःचा ॲटलास दिलात. "ह्यात बघून मोज आणि बारीक निबने परत लाव. अंदाजे लावायचे नाहीत. तिथे माणसं राहतात." मी ॲटलास घरी नेला, आणि सोमवारी शाळेत गेलोच नाही. मंगळवारीही नाही. घरच्यांनी ओरडून बघितलं, मग राजवाड्याजवळ एका नमकीनच्या दुकानात लावून दिलं. वर्षभराने तुम्ही तिथे आलात. मी शेव भरत होतो, खाली वाकलो, पण तुम्ही पाहिलंच होतं. तुम्ही ॲटलास मागाल असं वाटलं. तुम्ही पाव किलो लौंगवाली शेव मागितलीत आणि विचारलंत, "मोजलीस का?" मी म्हणालो, "मोजतोय, सर." "मोज. घाई नाही. देश कुठे पळून जात नाही." शेठ म्हणाला, "क्या गिन रहा है रे तू?" मी पुडी बांधायला घेतली. पुढच्या उन्हाळ्यात तुम्ही गेलात. मी अंत्ययात्रेला आलो नाही, सर. दुकानातून सुट्टी मिळत होती, तरी आलो नाही.

त्यानंतर मी किती कामं सोडली ते सांगत नाही. पण गेल्या आठवड्यात माझ्या बाकावरच्या जोडीदाराचा व्हिडिओ कॉल आला. राजवाड्याजवळ त्याचं वह्या-पुस्तकांचं दुकान आहे. "भिया, आपली शाळा बंद झाली. सामान निघत होतं, मी नकाशा उचलून आणला, दुकानात लावला. बघ, तुझी जागा अजून रिकामी आहे." त्याने फोन जवळ नेला. भारताच्या टोकाखाली तो फिका डाग. त्याने सांगितलं की मी गेल्यावरही तुम्ही कोणाला तिथे पेन लावू दिलं नाहीत. तुम्ही होतात तोवर वर्गात येणाऱ्या नव्या पोरांना सांगायचात, "इथे एक देश आहे. एक मुलगा मोजायला गेलाय, येईल." मी त्याला म्हटलं, "यार, तूच लाव ना, मी सांगतो इथून." तो म्हणाला, "मी कशाला? सरांनी तुला सांगितलं होतं. दिवाळीआधी ह्या भिंतीला फळ्या ठोकायच्या आहेत, मग नकाशा उतरणार. उतरला की गेला समज. ये अन् लाव."

इकडे सुपरवायझर मागे लागलाय. दक्षिणेला वाळू टाकून नवंकोरं बेट बनवतायत, "अभी किसी नक्शे में नहीं है," असं म्हणतो. सही केली तर दोन वर्षं तिथे, ह्या वर्षीची सुट्टी रद्द. गुरुवारपर्यंत उत्तर हवं. एरवी मी एका पायावर तयार झालो असतो. तीन दिवस तो कागद खिशात घेऊन बेटाला फेऱ्या मारल्या, तुमच्यासारखेच हात मागे बांधून. आज सकाळी कोरा परत दिला आणि सुट्टीचा फॉर्म मागितला. कारणाच्या रकान्यात काय लिहावं सुचेना. वडील आजारी लिहिलं. वडील ठणठणीत आहेत.

तुमचा ॲटलास इथेच आहे, सर. खाऱ्या हवेने पानं फुगलीत, हिंदी महासागराचं पान शेजारच्याला चिकटलंय, नखाने सोडवतोय. हा कागद त्यातच ठेवणार, पाठवणार कुठे. बारीक निब इथल्या राजधानीतून, मालेहून मागवली आहे. ठिपके मी लावीन, अंदाजे नाही. पण त्याआधी एक. ते माश्यांचे डाग नव्हते. मला वगळून बसवलेलं गाणं हॉलमधून ऐकू येत होतं, मी बोळा हातात घेऊन नकाशाच्या अगदी जवळ उभा होतो, आणि ठिपक्यांच्या बाजूला छापलेलं ते नाव मला दिसत होतं. मी ते वाचलं. वाचून मग पुसलं.