जिन्यावरचा म्हातारा

सर, तुम्हाला मराठी येत नव्हतं आणि आता तुम्ही हयातही नाही, म्हणून मोकळेपणाने लिहितोय. बुडापेस्टच्या स्टुडिओत तुम्ही उभं आयुष्य काढलंत, स्वतः गोष्टी लिहून त्यांचे चित्रपट स्वतःच चितारलेत. स्टुडिओला टाळं लागल्यावर वर्षभर आम्हाला ॲनिमेशन शिकवायला पुण्याला आलात. माझा धावणारा घोडा बघून तुमच्या मोडक्या इंग्रजीत विचारलंत, "पाय छान आहेत. पण हा चाललाय कुठे, हे तुला तरी माहीत आहे का?" सगळा वर्ग हसला. मला रडू फुटायचंच बाकी होतं, पण त्या दिवसापासून मी तुमचाच झालो.

शेवटचा चित्रपट आपल्या हातून पुरा होत नाही हे कळल्यावर त्याची दोनेकशे चित्रं तुम्ही मला दोह्याला पाठवलीत. जिन्यावरून खुर्ची नेणारा एक म्हातारा, एवढीच गोष्ट. दोन चित्रांमधली हालचाल भरून काढणारी मधली चित्रं मी काढायची होती. मी इथे दोह्यातच, वेस्ट बे भागातल्या ऑफिसात कामगारांनी हेल्मेट कसं घालावं याच्या फिल्म करतो. सवड काढतो म्हणालो, आणि तुम्ही गेलात तरी गठ्ठा उघडलाही नव्हता.

मग एका दुपारी ते कागद ऑफिसच्या स्कॅनरमध्ये मावेनात, म्हणून मी कटरवर सगळ्यांची खालची पट्टी कापून टाकली. चित्रं एकमेकांवर नेमकी बसवणारी भोकं त्याच पट्टीत होती आणि प्रत्येक चित्राचा क्रमांकही. इतकी वर्षं कॉम्प्युटरवर काम करून मी हे विसरलो, या धंद्यातला माणूस असून. दुसऱ्या दिवशी गठ्ठा हातातून निसटून जमिनीवर पसरला. पट्ट्या तोवर कचऱ्यात गेल्या होत्या.

आता दर शुक्रवारी अल गराफातल्या घरी फरशीवर कागद मांडून बसतो. परवा माझी लेक वाकून बघत म्हणाली, "बाबा, इज ही गोइंग अप ऑर डाउन?" मी कागद उलट क्रमाने लावून पाहिले, तसेही ते जुळले. हा चित्रपट आता कधीच होणार नाही, सर.

तुमच्या मुलीने चौकशी केली तेव्हा मी कळवलं की चित्रांवर क्रमांक सरांनी घातलेच नव्हते. तिचं लगेच उत्तर आलं. "शेवटी बाबांना फार विसर पडायचा, तुम्हाला उगाच त्रास झाला, माफ करा." खरं म्हणजे हे सगळं तिला लिहायला हवं. लिहिणार नाही. तिचं उत्तर वाचून मला हायसं वाटलं, सर.