हफिजाआपाची राहिलेली माफी

२० मार्च १९९७, गुरुवार

आपा आली होती माफी मागायला. हजला निघायचं तर घरोघर जाऊन 'बोललं-चाललं माफ करा' म्हणायचं, ही रीत. सकाळपासून अर्धा मोहल्ला पालथा घालून आलेली. पायांवर धूळ, पदरात कुणीकुणी दिलेल्या खजुराच्या पुड्या.

मी टेबलाशी. पाचाडच्या पाणीटंचाईची बातमी पेपरसाठी दुपारच्या एस.टी.त टाकायची होती, दोन परिच्छेद बाकी. मान वर न करता म्हटलं — नाय करत माफ!

"काय गो?"

"परत ये. मग करते. तू देणेकरी राहिलीस तर यावंच लागेल तुला."

तिनं पदरातल्या पुड्या सावरल्या. मग हसली. "लेखिका झालीस, पण धाकटेपणाची खोड नाय गेली तुझी." माझ्या डोक्यावर हात ठेवून गेली.

बातमी वेळेत गेली.

२२ मार्च

आपा गेली. स्टँडवर हार, रडारड, फोटो. सोबत शेजारच्या सुम्बुलची सासू जुलेखाबी आणि तिचे भाऊ. आपाचा मुलगा ताबिश सौदीत, जिद्द्यात ड्रायव्हर आहे, तो तिकडे भेटेल.

सुम्बुल डोळे पुसत होती आणि कानात सांगत होती — "म्हातारीनं माझ्याकडनं दोनदा माफी घेतली, खाला. दुसऱ्यांदा रडून! वीस वर्षांची भांडणं एका मिनिटात. मला तर फसवल्यासारखं वाटतंय."

३ एप्रिल

पुस्तक पुढे सरकत नाही. 'पवित्र नगरी' मालेतलं काशी मी दीड महिन्यात दिलं. जेरुसलेमला थोडे जास्त दिवस लागले. मक्केला हात अडखळतो. काशीत वही घेऊन घाटाघाटावर फिरले होते, कुणालाही काहीही विचारलं होतं. मक्का लहानपणापासून माहीत, म्हणजे काहीच माहीत नाही. टेबलावर उर्दू सफरनामे, ग्रंथालयातला जाडा इंग्रजी इतिहास, भिंतीवर नकाशा. प्रकाशक केळुसकरांना महिनाअखेर हवंय. देईन. आजवर कुणाला उशीर केलेला नाही.

हजच्या तयारीचं प्रकरण आज संपवलं. त्यात लिहिलं — अल्लाहचं देणं अल्लाह माफ करील. माणसाचं देणं माणसानंच माफ करायचं, तिथे अल्लाहही मध्ये पडत नाही. वाक्य बरं उतरलं. मग पेन खाली ठेवलं.

१२ एप्रिल

मिनाचं प्रकरण सुरू. मक्केबाहेरची डोंगरांतली दरी. वर्षभर ओस, हजच्या दिवसांत तंबूंचं शहर. वाचकाला डोळ्यांपुढे यावं म्हणून लिहिलं — 'आपलं कापडे गावाचं खोरं आठवा. वारा एकदा आत शिरला की त्याला बाहेर जायची वाट सापडत नाही.'

अब्बास म्हणाले, छान आहे. नवरा म्हणून म्हणाले की वाचक म्हणून, कळलं नाही.

१५ एप्रिल, मंगळवार

मिनात आग.

संध्याकाळच्या बातम्यांत सांगितलं. दुपारी लागली. तंबू जळाले — हजारोंनी. हिंदुस्थानी, पाकिस्तानी हाजींचा भाग. जोराच्या वाऱ्यामुळे पसरली, असं म्हणाले.

वाऱ्यामुळे.

फोन लागत नाही. अब्बास नंबर फिरवताहेत, ठेवताहेत, फिरवताहेत. सुम्बुलकडे फोन नाही, ती इथेच येऊन बसली आहे. मला पाणी तीच आणून देते.

१६ एप्रिल

मृतांचा आकडा दर बातमीला वाढतो.

सकाळपासून पुस्तकं उलटते आहे. मिनाच्या तंबूंची उंची मिळाली, कापड मिळालं, कुठल्या खलिफाच्या काळात कुणी विहिरी खणल्या ते मिळालं. बायकांचे तंबू कुठल्या बाजूला, ते एकातही नाही. पुरुषांनी लिहिलेली पुस्तकं. बाहेर पडायची वाटही नाही. कोण लिहिणार? मी तरी लिहिली होती का?

राहीबाई कुडपण गावाहून कच्ची करवंदं विकायला घेऊन आली. घरातली गर्दी बघून दारातच थबकली. सुम्बुलनं सांगितलं तसं माझ्याजवळ येऊन बसली.

"येल गो बाय तुझी बहीण. धट्टीकट्टी हाय. गेल्या साली माझ्या म्हशीला एकटीनं आवरलंन तिनं."

मला हसू आलं. हसले! आणि लगेच पुन्हा पुस्तक उघडलं.

१७ एप्रिल, गुरुवार

ताबिशचा फोन. आवाज येतो, जातो.

"खाला, अम्मी नाय सापडत. तंबू जळला तेव्हा मी पाणी आणायला गेलेला. हॉस्पिटलं बघतोय मी. एकेक बघतोय."

"जुलेखाबी?"

"कोनच नाय सापडत, खाला. गर्दी एवढी हाय... कोन कुठं गेलाय कायच समजत नाय." फोन तुटला.

सुम्बुल म्हणाली, "दोघी एकत्र असतील. माझी सासू कुणाचा हात धरला की सोडत नाही. मला विचारा!"

दुपारी केळुसकरांचा फोन. त्यांना आपा तिकडे आहे हे माहीत नव्हतं. "बाई, वाईट झालं. पण मिनाचं प्रकरण आता पुढे घ्या. आगीवर चार पानं वाढवा. लोक वाचतील."

म्हटलं, देते.

का म्हटलं? वीस वर्षं हाताला सवय — कुणी पानं मागितली की 'देते'. टेबलाशी बसले सुद्धा. 'दुपारची वेळ होती' एवढं लिहिलं. मग उठून भिंतीवरचा नकाशा काढला आणि गुंडाळी करून कपाटावर टाकला.

रात्रभर तेच डोक्यात. नाय करत माफ. नाय करत माफ. ती तशीच गेली असेल तर? सगळा मोहल्ला तिला माफ करून बसलाय. फक्त मी नाही. माफ करायचं तरी काय होतं? घरी आजारी आजीपाशी ती बसली, म्हणून मी शाळेत गेले. देणेकरी मीच. आणि अडवून ठेवलं तिला!

१८ एप्रिल, शुक्रवार. बकरी ईद

ईद कसली. नमाजहून आल्यावर अब्बास माझ्यासमोर बसले.

"मौलानांना विचारलं. माणूस समोर नसला तरी माफी पोचते. म्हण तू."

"नाही म्हणणार."

"माहरुख, हट्ट करायची वेळ आहे का ही?"

"हट्ट नाही. माफ केलं म्हटलं की ती गेली, असं मीच ठरवल्यासारखं होईल. तिला यायचं कारणच काढून घ्यायचं?"

"आणि ती गेलीच असेल तर? अडकून पडेल ती तुझ्यापायी."

  हजच्या तयारीच्या प्रकरणात मीच लिहिलंय — माणसाचं देणं माणसानंच माफ करायचं.

सुम्बुलनं शीरखुर्मा आणला. "खा, खाला. माझी म्हातारी असती तर म्हणाली असती, साखर कमी. घरात कुणी नावं ठेवायला नसलं की चवच लागत नाही."

१९ एप्रिल

ताबिश. आज रडत होता. काही मयतं ओळखू येत नाहीत म्हणाला. दफन सुरू झालंय. "दोन बायका बघायला बोलावलंय, खाला. बघू काय?"

बघ म्हटलं. दुसरं काय म्हणणार.

फोन ठेवला. स्वयंपाकघरात गेले, दार लोटलं. ओट्याला धरून म्हटलं — आपा, माफ केलं. सगळं माफ केलं. जा.

'जा' कशाला म्हटलं? तोंडातून गेलं. वाक्य संपवायची खोड! आता ते परत घेता येत नाही.  मनात एकच — सोडलं मी तिला. माझ्या तोंडानं सोडलं.

अब्बासना सांगितलेलं नाही.

२० एप्रिल, रविवार

आपाचा फोन. आपाचाच! घसा बसलेला, पण तीच. पाय भाजलाय. नाव सांगायची शुद्ध नव्हती, म्हणून हॉस्पिटलात सापडत नव्हती.

"धूर आला गो, तशा आमच्या तंबूतल्या बायका कलमा पढत खाली बसल्या. म्हणाल्या, कुठं पळायचं? सगळ्यांची माफी घेऊन आलोय, इथलं मरण नशिबानं मिळतं. मीपण बसले होते. मग आठवलं, माझी कुठं झाली? माहरुखची राहिली. जुलेखाबीनं मनगट धरलेलं घट्ट. बस म्हणाली. हिसडा मारून सोडवलं आणि पळाले."

मी विचारलं, आणि ती?

 आपा म्हणाली, "तंबू राहिला नाय गो."

फोन ठेवला. घंटा ऐकून सुम्बुल धावत आली आहे. चपला दारात टाकल्या, ओढणी सावरली, हसते आहे. "लागला ना, खाला? काय म्हणते माझी म्हातारी?"