सीमेपलीकडची माती

बाबा, गेल्या महिन्यात एडिनबरामध्ये मी चारचौघांत हौसा बोलले. तुम्ही गेल्यानंतर पहिल्यांदाच. त्याआधी सकाळपासून मी नुसती ऐकत होते. दुभाष्याने खोलीतलं बाहेर कुठे बोलायचं नाही असा आमच्या कामाचा नियम आहे. तुम्हाला सांगितलं तर तो मोडतो का, मला ठाऊक नाही.

नायजेरियातलं कात्सिना तुम्हाला सांगायला नको. तुम्ही तिथल्या शाळेत गणित शिकवायचात, आई बाजारातल्या बाजरीच्या भाकऱ्या थापायची आणि पीठ चिकटत नाही म्हणून रोज कुरकुरायची. एकदा दारात दही विकणारी बाई आली. तिने हौसात विचारलं, आई घरात आहे का, आणि मी तिला ऐटीत इंग्लिशमध्ये उत्तर दिलं. तुम्ही आतून आलात. आवाज चढवला नाहीत, पण मला तिथेच उभं केलंत. "त्यांच्या गावात राहतेस, त्यांचं पाणी पितेस. त्यांच्याशी त्यांच्या भाषेत बोलायला लाज वाटते?" मग तिची माफी मागायला लावलीत, तीही हौसात. ती बाई इतकी हसली की डोक्यावरची दह्याची परात तिला हाताने सावरावी लागली. त्याच वर्षी तुम्ही आम्हाला गाडीत घालून सीमेपलीकडे नायजरमध्ये, मारादीला घेऊन गेलात. चौकीवरच्या शिपायाने तुम्हाला "मालम" म्हणजे गुरुजी म्हणून हाक मारली आणि अडथळा वर केला. पलीकडे माणसं तीच, भाषा तीच, फक्त दुकानांवरच्या पाट्या फ्रेंच आणि पाव माझ्या हाताएवढा लांब. त्या पाट्या वाचता येईनात म्हणून मी रडले होते, असं आई सांगायची. पुढे मी फ्रेंच शिकले ती त्या रडण्यामुळे, हेही तीच सांगायची.

आता त्या सीमेचं काय झालंय ते तुम्हाला कळलं नसेल. नायजरमध्ये लष्कराने सत्ता घेतली. नायजेरियाने सीमा बंद केली, वीज तोडली, शेजारी देश सैन्य घालायची भाषा बोलायला लागले. नंतर सीमा उघडली, पण नायजर शेजाऱ्यांच्या गटातूनच बाहेर पडला, आणि एकमेकांवरचा संशय काही जाईना. म्हणून इथल्या एका प्रोफेसरबाईंनी दोन्हीकडच्या काही लोकांना बोलावलं होतं. सरकारी असं काही नाही. विषयही छोटा: सीमेवरच्या गावातल्या आजारी माणसाला पलीकडच्या हॉस्पिटलमध्ये विनाअडथळा जाता यावं. नायजरकडून एक निवृत्त राजदूत आणि साध्या कपड्यातला एक तरुण लष्करी अधिकारी. नायजेरियाकडून लागोसचे एक माजी राजदूत, ज्यांना हौसाचा एक शब्द येत नाही, आणि टेबलाच्या पार दुसऱ्या टोकाला कात्सिनाची एक डॉक्टर. मी नायजरच्या दोघांच्या मागे खुर्ची टाकून बसले होते, इंग्लिशचं फ्रेंच त्यांच्या कानात आणि त्यांच्या फ्रेंचचं इंग्लिश सगळ्यांसाठी.

सकाळी ते दोघं आपसात हौसात बोलत होते, पण ते थंडीबद्दल आणि सँडविच किती बेचव आहे याबद्दल. मला वाटलं, माझं हौसा गंजलंय, येतं म्हणून कशाला बढाई मारा. लंचनंतर लागोसचे साहेब म्हणाले, "सीमा आम्ही उघडली ना? आता तक्रार कसली?" मी ते फ्रेंचमध्ये सांगितलं. अधिकारी शेजारी वाकून हौसात कुजबुजला, "उठू या. हे लोक आपल्याला भीक घालतायत." त्याच्या शेजारचे म्हातारे राजदूत तितक्याच हळू म्हणाले, "माझी बहीण कात्सिनाला दिलेली. सीमा बंद होती तेव्हा ती गेली. मी दिवसभर चौकीवर उभा होतो, तिच्या मातीला मला जाऊ दिलं नाही. या कागदावर सही करायला माझा हात चालणार नाही. पण हे मी या माणसासमोर बोलणार नाही."

बाबा, मला प्रत्येक शब्द कळला. गंजबिंज काही नव्हतं.

समोर प्रोफेसरबाई माझ्याकडे बघत होत्या, की आता पुढे कोण बोलणार. मी हात वर केला. आधी फ्रेंचमध्ये, मग इंग्लिशमध्ये, आमच्या कामात स्वतःला 'ती' म्हणतात तसं, म्हणाले, "इंटरप्रीटरला सांगायचंय की तिला हौसा समजतं. आत्ता जे खाजगी बोलणं झालं ते तिने ऐकलंय."

अधिकारी ताडकन उठला. "कधीपासून ऐकताय?"

"सकाळपासून."

"तुम्हाला इथे कोणी बसवलं? नायजेरियाने?"

मी नाही म्हणाले, पण माझा आवाज मलाच खोटा वाटला. तो म्हाताऱ्यांचा कोट उचलून दाराकडे गेला, म्हातारेही त्याच्यामागे गेले. लागोसचे साहेब फोन काढून ट्रेन बघायला लागले. प्रोफेसरबाई माझ्याजवळ आल्या आणि ओठ न हलवता म्हणाल्या, "यू कुड हॅव जस्ट केप्ट क्वाएट." त्यांचं चूक नव्हतं. दोन वर्षं त्या या एका दिवसासाठी खपल्या होत्या. कॉरिडॉरमधून अधिकाऱ्याचा आवाज येत होता आणि तोही मला समजत होता. मी कान झाकून घ्यावेत की काय असं वाटलं.

मग दार उघडलं. म्हातारे एकटे आत आले आणि बसलेच नाहीत. हौसात मला म्हणाले, "कुठे शिकलीस?"

"कात्सिनाला. माझे वडील तिथे मालम होते."

"तरीच. बाजारातलं हौसा आहे तुझं." त्यांनी टेबलाकडे हात केला. "ऐकलंसच आहेस, तर सांग यांना, मी काय म्हणालो ते."

"मी नाही सांगणार," मी म्हणाले. "ते तुमचं आहे. तुम्ही सगळ्यांसमोर म्हणा, मग मी सांगते."

मला वाटलं, आता ते खरंच निघून जातील. ते खुर्चीची पाठ धरून उभे राहिले. आणि मग बोलले, हौसातच, मोठ्याने, लागोसच्या साहेबांकडे न बघता त्या टोकाच्या डॉक्टरकडे बघून. बहीण, चौकी, तो दिवस. संध्याकाळी पलीकडून भाच्याचा फोन आला, "मामा, आटोपलं. तुम्ही घरी जा." मी तोंड उघडायच्या आत डॉक्टर उठली होती. "अल्ला या जिकान्ता," ती म्हणाली, देव तिच्यावर दया करो. मग तिने विचारलं, "कुठल्या मोहल्ल्यात राहायच्या?" त्यांनी सांगितलं. ती म्हणाली, "आमच्या मागच्याच गल्लीत. कबरस्तान मला माहीत आहे. तुम्ही या, मी स्वतः घेऊन जाईन."

"व्हॉट आर दे सेइंग?" लागोसच्या साहेबांनी विचारलं. मी सांगितलं, जसंच्या तसं, काही गाळलं नाही, काही मऊ केलं नाही. त्यांनी फोन उलटा करून ठेवला. मग ते म्हणाले, "आजारी माणसाबरोबर हेही घाला. मातीला जाणारे नातेवाईक." अधिकारी दारात येऊन उभा होता. त्याने हो म्हटलं नाही, नाहीही म्हटलं नाही.

सही त्या दिवशी झाली नाही. मसुदा दोन्ही राजधान्यांना गेलाय, उत्तर कोणाचंच नाही. डॉक्टरने मात्र कळवलं की म्हातारे मागच्या शुक्रवारी येऊन गेले, कबरीजवळ बसले, तिच्या घरी जेवले.

प्रोफेसरबाईंनी नंतर ईमेलमध्ये माझ्या प्रामाणिकपणाचं कौतुक केलं. तुम्हीही केलं असतंत, चार लोकांना सांगितलं असतंत. म्हणून हे फक्त तुम्हाला लिहिते आणि कागद फाडून टाकते. मी हात वर केला तो प्रामाणिकपणासाठी नव्हता. ते म्हातारे बहिणीबद्दल आणखी काही बोलतील आणि तेही मला कळेल, याची मला भीती वाटली होती. मला त्यांना थांबवायचं होतं, बाबा. बस, इतकंच.